दमा असताना व्यायाम आणि हृदय: दम नेमका केव्हा लागतो?

सेमिनरी_हिल्स (धागाकर्ता)

डिसेंबर लागला की नागपुरातली दमा असलेली मंडळी फिरणं सोडून देतात. अंबाझरी असो, फुटाळा असो की सिव्हिल लाइन्सचे झाडीतले रस्ते, दरवर्षी हेच. घरचेही म्हणतात, कशाला छातीला त्रास द्यायचा. पण बंद पडलेल्या व्यायामाची किंमत पुढे हृदयाला मोजावी लागते. वजन चढतं, बीपी चढतं, साखर हलते, आणि स्नायू ढिले पडले की जिना चढतानाही धाप लागते. मग माणूस समजतो दमाच वाढला.

अमेरिकेतल्या मेसा ह्या मोठ्या अभ्यासाचे २०१५ साली आलेले निष्कर्ष इथे आठवण्यासारखे आहेत. रोजचं औषध लागावं इतका कायमचा दमा असलेल्यांमध्ये हृदयविकार आणि पक्षाघाताचं प्रमाण दमा नसलेल्यांच्या साधारण १.६ पट आढळलं. दम्यामुळेच हृदय बिघडतं असं ह्यातून सिद्ध होत नाही, पण दोन्ही दुखणी एकाच माणसात भेटतात एवढं नक्की. म्हणून दमेकऱ्याने व्यायाम सोडणं हा मला सगळ्यात वाईट सल्ला वाटतो.

ह्या धाग्यात एका मुद्द्यावर भर हवा आहे: दम लागतो तो घड्याळ लावून बघायचा. किती मिनिटांनी सुरू झाला, थांबल्यावर वाढला की उतरला, पूर्ण जायला किती वेळ लागला. हे तीन आकडे वहीत असले की डॉक्टरांचं अर्धं काम होतं. जाणकारांनी सविस्तर लिहावं.

श्वसनवैद्य

चांगला विषय. आधी यंत्रणा समजून घेऊ, म्हणजे पुढचे नियम पाठ करावे लागणार नाहीत.

स्वस्थ बसलेला माणूस मिनिटाला ६ ते ८ लिटर हवा आत घेतो. जोरात चालताना किंवा धावताना तीच हवा ४०-५० लिटरच्या पुढे जाते. एवढी हवा नाकातून जात नाही, तोंड उघडावंच लागतं. नाक हवा कोमट आणि दमट करून देतं, तोंड तेवढं करत नाही. कोरडी हवा श्वासनलिकांच्या आतल्या पातळ ओलाव्यातलं पाणी ओढून घेते, उरलेल्या थरातलं क्षाराचं प्रमाण वाढतं, आणि त्याने तिथल्या पेशी हिस्टामिन आणि ल्युकोट्राइन ही रसायनं सोडतात. मग नळीभोवतीचा स्नायू आवळतो. थंडी त्यात भर घालते, पण मूळ दोष कोरडेपणाचा.

आता वेळेचं गणित. व्यायामाने येणारा दमा बहुधा ५-८ मिनिटं जोर लावल्यावर किंवा थांबल्यानंतर सुरू होतो. थांबल्यावर ५ ते १५ मिनिटांत तो सगळ्यात जास्त असतो आणि अर्ध्या ते दीड तासात आपोआप उतरतो. खोकला, छाती आवळणं, श्वास सोडताना शिट्टीसारखा आवाज, ही त्याची खूण.

हृदयाचा दम वेगळा वागतो. तो श्रम चालू असताना येतो, बहुतेक वेळा ठरावीक अंतराला किंवा ठरावीक चढावाला येतो, आणि थांबलं की काही मिनिटांत उतरतो. सोबत छातीवर दडपण, जबडा, डावा हात किंवा पाठीत कळ, थंड घाम असेल तर शंका घट्ट होते. मधुमेह असलेल्यांना आणि बायकांना छातीत दुखेलच असं नाही. नुसती धाप लागते, आणि तीच हृदयाची तक्रार असू शकते.

रात्रीची वेळही बघा. पहाटे ३-४ ला खोकत उठणं हे दम्याचं लक्षण. आडवं झाल्यावर दम कोंडणं, दोन-तीन उशा लागणं, संध्याकाळी पावलं सुजणं, दोन-तीन दिवसांत २ किलो वजन वाढणं, हे हृदय कमजोर पडल्याचं. ह्यातही छातीत घरघर होते, श्वासाच्या पंपाने (इनहेलरने) थोडं बरंही वाटतं, आणि त्यामुळेच लोक फसतात.

महालकर

वयाच्या पन्नाशीनंतर पहिल्यांदाच धाप लागू लागली, आणि दुकानातून पंप आणून काम चाललं आहे, असे लोक इतवारी-महालात खूप आहेत बाप्पा. त्यांनी नेमकं काय करावं?

श्वसनवैद्य

@महालकर, पन्नाशीत नव्याने आलेला दम तपासल्याशिवाय "दमा" म्हणून स्वीकारायचा नाही. आधी स्पायरोमेट्री: औषधाआधी आणि औषधानंतर, दोन्ही वेळा फुंकर. पहिल्या सेकंदात बाहेर पडणारी हवा पंपानंतर १२ टक्के आणि २०० मिलीलिटर वाढली तर दम्याला पुष्टी मिळते. तपासणीआधी निळा पंप (झटपट आराम देणारा, साल्ब्युटामॉलचा) ४ ते ६ तास घेत नाहीत. पण रोजचं औषध स्वतःच्या मनाने बंद करू नका, केंद्रावर विचारा. सोबत ईसीजी, इको, हिमोग्लोबिन. रक्त कमी असलं तरी धाप लागते आणि ते हमखास सुटून जातं. मेडिकल, मेयो ह्या सरकारी रुग्णालयांत आणि मिहानमधल्या एम्समध्ये श्वसनरोगाची ओपीडी आहे, खासगी छातीतज्ज्ञही रामदासपेठ-धंतोलीत पुष्कळ.

फिजिओ_धरमपेठ

आता प्रत्यक्ष व्यायामाचं सांगते. बहुतेकांचं चुकतं ते पहिल्या दहा मिनिटांत. गाडी लावली की लगेच झपाझप चालायला सुरुवात. दमेकऱ्याला हे चालत नाही.

तापवणं, १० ते १५ मिनिटं. पाच मिनिटं सावकाश चाल. मग ३० सेकंद वेगात, दीड मिनिट सावकाश, असं चार-पाच वेळा. हे चढउतार मुद्दाम आहेत. सौम्य आवळण होऊन गेली की पुढचे दोनेक तास नळ्या पुन्हा तेवढ्या आवळत नाहीत, साधारण निम्म्या लोकांना हा फायदा मिळतो. हृदयालाही अचानक भार पडत नाही. त्याच्या रक्तवाहिन्यांना रुंदावायला वेळ मिळतो.

मुख्य भाग. पहिल्या आठवड्यात १० मिनिटं, आठवड्यातून ४-५ दिवस. दर आठवड्याला ५ मिनिटं वाढवा, ३० वर थांबा. म्हणजे पाच दिवस केलं तर आठवड्याला १५० मिनिटं, जागतिक आरोग्य संघटनेने प्रौढांसाठी सांगितलेला किमान आकडा. वेग कसा ओळखायचा? पूर्ण वाक्य बोलता यावं, गाणं म्हणता येऊ नये. दोन-दोन शब्दांवर श्वास घ्यावा लागला तर वेग जास्त आहे.

नाडीवर फार विसंबू नका. २२० वजा वय हे सूत्र सरासरीचं आहे, निळ्या पंपाने ठोके वाढतात आणि बीटा ब्लॉकरने (बीपी-हृदयासाठीच्या, ठोके कमी करणाऱ्या औषधाने) दबतात, त्यामुळे मनगटावरचं घड्याळ दोन्हीकडून दिशाभूल करतं. शून्य ते दहाच्या मापावर श्रम स्वतः जोखा, ४ ते ६ मध्ये राहा.

उतरवणं, ५ ते १० मिनिटं. एकदम थांबून बाकावर बसायचं नाही. अचानक थांबलं की पायांत रक्त साचतं, बीपी घसरतं, चक्कर येते, आणि नेमकी हीच वेळ दम्याची असते. मग नेमकं काय झालं ते कुणालाच कळत नाही. घरी निघायच्या आधी पंधरा मिनिटं सोबत्यांसोबत थांबा.

जोर-बैठका आणि डंबेल्सही करा. आठवड्यातून दोनदा, मोठ्या स्नायूंचे ६-८ प्रकार, १० ते १५ आवर्तनं. मध्ये विश्रांती मिळते म्हणून दमा कमी उठतो. वजन उचलताना श्वास सोडायचा. श्वास कोंडून उचललं की बीपी त्या क्षणी उसळतं.

कोणत्या दिवशी करायचं नाही: सर्दी-ताप असेल, रात्री दम्याने जाग आली असेल, पीक फ्लो (छोट्या मीटरमध्ये फुंकून मोजलेला श्वास सोडण्याचा वेग) स्वतःच्या सर्वोत्तम आकड्याच्या ८० टक्क्यांखाली असेल, किंवा बसल्या जागी बीपी १८०/११० च्या वर असेल. पीक फ्लो उभं राहून तीन वेळा फुंकायचा आणि सर्वांत मोठा आकडा लिहायचा, सरासरी नाही. ५० टक्क्यांखाली आला तर व्यायामाचा प्रश्नच नाही, दवाखान्यात जा.

गोळीघर (फार्मासिस्ट)

पंपाबद्दल मी लिहितो, कारण काउंटरवर रोज पाहतो की औषध बरोबर असतं आणि घेण्याची रीत चूक.

व्यायामाआधी डॉक्टरांनी साल्ब्युटामॉल सांगितलं असेल तर १०० मायक्रोग्रॅमचे २ पफ, सुरुवातीच्या १०-१५ मिनिटं आधी. पंप हलवा, नवा किंवा बरेच दिवस पडून असलेला असेल तर आधी हवेत दोन-तीन फवारे उडवा, पूर्ण श्वास सोडा, स्पेसर (पंपाला जोडायची प्लास्टिकची नळी) ओठांत घट्ट धरा, एकच पफ दाबा, ३-५ सेकंद सावकाश ओढा, १० सेकंद धरा. अर्ध्या मिनिटाने दुसरा. दोन पफ एकदम स्पेसरमध्ये मारले की बरंचसं औषध भिंतींना चिकटून वाया जातं.

स्पेसर साबणाच्या कोमट पाण्यात बुडवून काढा, आतून घासू किंवा पुसू नका, तसाच वाळू द्या. पुसला की प्लास्टिकवर स्थिर वीज तयार होते आणि औषधाचे कण ओढून घेते. रोटाकॅप्सचं (भुकटीच्या कॅप्सूलचं) उलटं: ती जोरात आणि खोल ओढायची. पावसाळ्यात कॅप्सूल आधी काढून ठेवली की भुकटीचे गोळे होतात, म्हणून घ्यायच्या क्षणीच बाहेर काढा.

एक मोठी गोष्ट. निळा पंप सूज कमी करत नाही, तो फक्त स्नायू सैल करतो. रोज वापरला तर व्यायामाने उठणाऱ्या दम्यापासून तो देतो ते संरक्षणही हळूहळू कमी होतं. दम्याच्या जागतिक मार्गदर्शक संस्थेने, जिनाने, २०१९ पासून नुसत्या निळ्या पंपावर दमा सांभाळू नका असंच सांगितलं आहे. स्टिरॉइड असलेला श्वासाचा पंप हवाच, आणि ब्युडेसोनाइड-फॉर्मोटेरॉलचा (स्टिरॉइड आणि नळ्या मोकळ्या करणारं औषध एकत्र असलेला) पंप काहींना व्यायामाआधीही चालतो. वर्षाला २०० डोसांचे तीन किंवा जास्त निळे पंप लागले तर दम्याच्या झटक्याचा धोका वाढतो, बारा लागले तर मृत्यूचा. "स्टिरॉइड नको" म्हणून पंप टाळणारे लोक वर्षातून तीन-चारदा स्टिरॉइडच्या गोळ्या खातात, आणि बीपी-साखर वाढवतात त्या गोळ्या. पंपातलं औषध मायक्रोग्रॅममध्ये असतं. घेतल्यावर चूळ भरून थुंका.

त्रिमूर्तीनगर

पंप घेतला की छातीत धडधडतं आणि हात थरथरतात. हृदयाला घातक आहे का? आणि बीपीची नवी गोळी सुरू झाल्यापासून खोकला वाढला तर काय समजायचं?

गोळीघर

धडधड आणि थरथर हा साल्ब्युटामॉलचा ठरलेला परिणाम, नेहमीच्या २ पफने बहुतेकांना १५-३० मिनिटांत शमतो. पण ठोके अनियमित वाटले, चक्कर आली, किंवा आधीपासून हृदयविकार आहे, तर ईसीजी करून घ्या. हे औषध रक्तातलं पोटॅशियम खाली आणतं. लघवीच्या गोळ्याही आणतात. नेब्युलायझरचे डोस वाढले आणि त्या गोळ्याही चालू असतील तर पोटॅशियम तपासावं.

आपल्याकडे सर्रास दिलं जाणारं डेरिफायलिन हे नळ्या मोकळ्या करणारं औषधही लक्षात ठेवा. त्याने ठोके वाढतात, मळमळ होते, आणि सिप्रोफ्लॉक्सासिन किंवा एरिथ्रोमायसिन सोबत घेतलं तर रक्तातलं प्रमाण चढून हृदयाची लय बिघडू शकते. दोन डॉक्टरांच्या दोन चिठ्ठ्या एकाच दुकानात दाखवा, हे मी हात जोडून सांगतो.

बीपीच्या गोळीने खोकला म्हणजे बहुधा रामिप्रिल किंवा एनालाप्रिल. तो कोरडा खोकला असतो, नळ्या आवळत नाहीत, पण लोक पंप वाढवत बसतात. टेल्मिसार्टन, अॅम्लोडिपिन ह्यांनी सहसा असं होत नाही. गोळी स्वतः बंद करू नका, बदलून मागा.

श्वसनवैद्य

ह्यात बीटा ब्लॉकरचं जोडतो. प्रोप्रॅनोलॉल दम्यात टाळायचंच. ते कधी अर्धशिशीसाठी, कधी हात थरथरतात म्हणून दिलं जातं, आणि देणाऱ्याला दम्याचं माहीत नसतं. काचबिंदूचे टिमोलॉलचे डोळ्यातले थेंब सुद्धा नळ्या आवळू शकतात. हार्ट अटॅकनंतर बिसोप्रोलॉल किंवा मेटोप्रोलॉल लागत असेल तर ती हृदयाकडे जास्त झुकलेली औषधं आहेत, कमी डोसने, डॉक्टरांच्या नजरेखाली सुरू करतात. आणि अँजिओप्लास्टीनंतर टिकाग्रेलॉर (रक्ताच्या गुठळ्या रोखणारी गोळी) चालू असेल तर त्याने काहींना बसल्या जागी धाप लागते. तो दमा नव्हे. पण ते बंद केलं तर स्टेंट बंद पडू शकतो, म्हणून हृदयवाल्या डॉक्टरांनाच विचारा.

आता तपासण्या. ट्रेडमिल चाचणीला जाताना पंप सोबत न्या, दमा आहे हे आधी सांगा. थॅलियम चाचणीत (हृदयाचा रक्तपुरवठा बघणाऱ्या स्कॅनमध्ये) पळणं जमत नसेल तर अॅडिनोसिन किंवा डायपिरिडामोल टोचतात, आणि दम्यात त्याने जोराचा झटका येऊ शकतो. डोब्युटामिन हा पर्याय असतो, पण तुम्ही सांगितलं तरच वापरला जाईल. सीटी अँजिओग्राफीआधी ठोके कमी करायला बीटा ब्लॉकर देतात, तिथेही तोंड उघडा.

फिजिओ_धरमपेठ

नागपूरच्या हवेबद्दल कुणी लिहा की.

सेमिनरी_हिल्स

लिहितो. हिवाळ्यात लोक पहाटे पाचला फिरून राहिले, "ताजी हवा" म्हणून. प्रत्यक्षात थंड हवेचा थर जमिनीलगत बसतो, त्यात वाहनांचा धूर, शेकोट्या, पेटवलेला पालापाचोळा आणि कोराडी-खापरखेड्याच्या औष्णिक वीजकेंद्रांच्या बाजूचा धूर अडकतो. सूर्य वर आला, जमीन तापली की तो थर उचलला जातो. म्हणून डिसेंबर-जानेवारीत सकाळी साडेआठ-नऊनंतर किंवा दुपारी चारच्या सुमारास निघा. पारा १० च्या खाली असेल तर नाकातोंडावर दुपट्टा घ्या. आतली हवा कोमट आणि दमट राहते. मात्र दुपट्ट्याने पीएम २.५, म्हणजे हवेतले अतिसूक्ष्म कण, अडत नाही, त्याला एन-९५ हवा, आणि तो लावून वेग कमीच ठेवावा.

केंद्रीय प्रदूषण मंडळाच्या समीर अॅपवर एक्यूआय (हवा किती प्रदूषित आहे त्याचा आकडा) दिसतो. १०१ ते २०० ला मंडळ "मध्यम" म्हणतं, पण त्याच पातळीवर दमा आणि हृदयविकार असलेल्यांना त्रास होऊ शकतो, असं त्या श्रेणीच्या वर्णनातच आहे. माझा नियम: १०० पर्यंत बाहेर, १०१ ते २०० मध्ये सावकाश चाल आणि रहदारीपासून लांब, २०० च्या वर घरात. हवेतले हे सूक्ष्म कण फुप्फुसातून रक्तात उतरतात आणि हृदयाच्या झटक्याची शक्यता त्याच दिवशी, दुसऱ्या दिवशी वाढवतात, हे हृदयरोगातलं प्रस्थापित ज्ञान आहे. वर्धा रोडच्या कडेने धावणारे लोक पाहिले की काळजी वाटते. आतल्या गल्ल्या घ्या.

फेब्रुवारी-मार्चमध्ये झाडांचे परागकण, पावसानंतर गाजरगवत. त्या दिवसांत मोकळ्या प्लॉटच्या कडेने फिरू नका.

महालकर

आणि उन्हाळ्यातला कूलर? आपल्याकडे त्याच्याशिवाय घर नाही.

फिजिओ_धरमपेठ

कूलर हा दमेकऱ्याचा लपलेला शत्रू आहे. मागच्या वर्षीचं गवत तसंच ठेवून पाणी भरलं की बुरशीचे बीजाणू खोलीभर. हंगामाच्या सुरुवातीला तिन्ही बाजूंचं गवत नवं घाला, टाकी आठवड्यातून एकदा रिकामी करून घासा, आणि नव्या गवताची धूळ उडते म्हणून पहिला तासभर दमेकऱ्याला बाहेर ठेवून, खिडकी उघडी ठेवून चालवा. कुबट वास आला की समजा, बदलायची वेळ झाली.

४५ अंशांच्या दिवसात व्यायाम पहाटे साडेपाच ते साडेसहा. दुपारी ओझोनही चढतो, तोही नळ्यांना चिडवतो. लघवीची गोळी घेणाऱ्यांनी उन्हाळ्यातल्या पाण्याचा आणि डोसाचा हिशेब डॉक्टरांकडून लावून घ्यावा.

त्रिमूर्तीनगर

पोहणं दम्याला सगळ्यात चांगलं म्हणतात. आणि कपालभाती?

श्वसनवैद्य

पाण्याजवळची हवा दमट असते म्हणून पोहणं सोपं जातं, खरं आहे. पण बंदिस्त तलावात क्लोरीनचा झोंबणारा वास भरला असेल तर तीच हवा त्रास देते. मोकळा तलाव निवडा, वास तीव्र असेल तर त्या दिवशी परत या.

कपालभाती आणि भस्त्रिकेत जलद श्वास असतो, म्हणजे पुन्हा कोरडी हवा जास्त. दमा आटोक्यात नसताना आणि बीपी वाढलेलं असताना नको. अनुलोम-विलोम, सावकाश दीर्घ श्वास चालतील, श्वास रोखून न धरता. कशानेही रोजचा पंप सुटत नाही.

गोळीघर

झटक्याचं लिहून ठेवा, कपाटावर चिकटवा. व्यायामात दम कोंडला: थांबा, सरळ बसा, आडवं होऊ नका. स्पेसरने निळ्या पंपाचा १ पफ, ४ श्वास. असे ४ पफ. ४ मिनिटं थांबा. फरक नाही तर पुन्हा ४, आणि १०८ ला फोन. वाक्य पूर्ण होत नसेल, ओठ निळसर दिसत असतील, किंवा घरघर अचानक बंद पडून माणूस गळाला असेल तर वाट पाहायची नाही.

छातीवर दडपण आणि घाम असेल तर पंपाने बघत बसू नका, लगेच १०८. अशा वेळी अॅस्पिरिन ३०० मिलिग्रॅम चघळायला देतात. पण मोठ्या माणसांतल्या साधारण ७ टक्के दमेकऱ्यांना अॅस्पिरिन, आयब्युप्रोफेन, डायक्लोफेनॅकने झटका येतो, विशेषतः नाकात मांस वाढलेलं असेल तर. ज्यांनी आधी ते त्रासाशिवाय घेतलं आहे त्यांना सहसा भीती नाही. ज्यांना त्रास झाला आहे त्यांनी फिरायला जाताना खिशात चिठ्ठी ठेवावी: "दमा आहे, अॅस्पिरिन चालत नाही", खाली चालू औषधं आणि घरचा नंबर. बेशुद्ध माणसाच्या वतीने ती चिठ्ठीच बोलते.

त्रिमूर्तीनगर

शेवटचं. पंप गाडीत ठेवला तर चालतो ना? नेहमी सोबत राहतो म्हणून.

गोळीघर

नाही. डबीवर ३० अंशांखाली ठेवा लिहिलेलं असतं, आणि मे महिन्यात उन्हात उभ्या गाडीत ५० च्या पुढे जातं, डबी फुटूही शकते. हिवाळ्याच्या पहाटे उलटं होतं, गारठलेल्या पंपातून औषध कमी सुटतं, मुठीत धरून कोमट करा. डबी पाण्यात तरंगवून औषध किती उरलं ते बघण्याची पद्धत चुकीची आहे. मोजणीचा आकडा असलेला पंप घ्या, नसेल तर घेतलेले पफ कॅलेंडरवर मांडा. गाडीत नको, कमरेच्या पाऊचमध्ये ठेवा.